साक्षीदार आहेत तोवर: हू जिए यांचे माहितीपट

हू जिए यांचा जन्म १९५८ साली चीनच्या शानडोंग प्रांतातील जिनान शहरात झाला. त्याच वर्षी माओ त्सेतुंग यांनी 'मोठी झेप' ही मोहीम सुरू केली. खेड्यापाड्यांतली शेती कम्यूनच्या ताब्यात गेली, परसातल्या भट्ट्यांमधून पोलाद काढण्याचे आदेश सुटले आणि पुढच्या तीन वर्षांत मानवी इतिहासातला सर्वांत मोठा दुष्काळ पडला. मृतांचे अंदाज दीड कोटीपासून साडेचार कोटींपर्यंत जातात. त्याच्या आदल्या वर्षी, १९५७ मध्ये, साडेपाच लाखांच्या आसपास सुशिक्षित माणसांवर 'उजवे' असा शिक्का मारून त्यांना नोकरीतून, विद्यापीठांतून आणि शहरांतून हुसकावले होते. हू जिए आठ वर्षांचे झाले तेव्हा सांस्कृतिक क्रांती सुरू झाली. पुढे त्यांनी भूतकाळातल्या ज्या विषयांवर माहितीपट केले, ते या वीस वर्षांतले आहेत. पण त्या विषयांपर्यंत पोहोचायला त्यांना वयाची चाळिशी ओलांडावी लागली.

त्याआधीचा त्यांचा प्रवास त्यांच्या पिढीतल्या इतर कुणासारखाही होता. तरुणपणी ते लष्करात दाखल झाले आणि पंधरा वर्षे हवाई दलात राहिले. चित्रकलेची ओढ असल्याने लष्कराच्याच कला अकादमीत तैलचित्रकलेचे शिक्षण घेतले. लष्कर सोडल्यावर बीजिंगच्या जुन्या उन्हाळी राजवाड्याच्या परिसरातील युआनमिंगयुआन या वस्तीत ते राहायला गेले. नोकरीच्या आणि रहिवासी परवान्याच्या चौकटीबाहेर राहून चित्रे काढणारे, कविता लिहिणारे, गाणी करणारे तरुण स्वस्त भाड्याच्या शेतकरी घरांत तिथे गोळा झाले होते. १९९५ मध्ये पोलिसांनी ही वसाहत मोडली. तिच्या अखेरच्या दिवसांचे चित्रण करताना हू जिए चित्रकाराचे माहितीपटकार झाले.

त्या काळी चीनमध्ये असा माणूस असणे हीच नवी गोष्ट होती. १९४९ नंतर चित्रपटाचे कॅमेरे, फिल्म, प्रयोगशाळा आणि चित्रपटगृहे ही सगळी सरकारी मालमत्ता होती. माहितीपट म्हणजे सरकारी स्टुडिओने बनवलेली, भारदस्त आवाजातल्या निवेदनाची आणि आधीच ठरलेल्या निष्कर्षाची फिल्म. चित्रपटगृहात कोणताही चित्रपट दाखवायचा तर आधी सरकारी परवाना लागतो, आणि परवाना मिळालेल्या चित्रपटाच्या सुरुवातीला पडद्यावर ड्रॅगनचे चिन्ह झळकते. 'स्वतंत्र' चित्रपट म्हणजे हा परवाना न मागता केलेला चित्रपट. १९९० मध्ये वू वेनग्वांग यांनी बीजिंगमध्ये भटकणाऱ्या पाच कलावंतांवर केलेला माहितीपट या परंपरेचा आरंभ मानला जातो. तो त्यांनी दूरचित्रवाणी केंद्राच्या उपकरणांची मदत घेऊन केला होता. नव्वदीच्या उत्तरार्धात हातात मावणारे डिजिटल व्हिडिओ कॅमेरे आले आणि ही मदतही लागेनाशी झाली. एक माणूस, एक कॅमेरा, घरचा संगणक: एवढ्यावर चित्रपट पुरा होऊ लागला. हू जिए यांचे महत्त्वाचे माहितीपट याच साधनांवर उभे आहेत.

त्यांचे पहिले माहितीपट वर्तमानाबद्दलचे आहेत. 'दूरचे डोंगर' या फिल्ममध्ये चिंगहाय प्रांतातील चिल्यान पर्वतरांगेत, उंचावरच्या छोट्या कोळसा खाणींत राबणारे मजूर दिसतात. आणखी एक फिल्म गावात लग्ने जुळवणाऱ्या बाईवर आहे. 'मैदानावरची डोंगरगाणी' ही दक्षिणेच्या युन्नान प्रांतातून शानडोंगमध्ये विकल्या गेलेल्या एका नवरीची कहाणी आहे. या सगळ्या फिल्ममध्ये आग्रही निवेदन नाही, फक्त पाहणे आहे. मात्र कॅमेरा ज्यांच्याकडे वळतो ती माणसे एका जातीची आहेत. सरकारी वार्तापटात ती एकतर दिसत नाहीत, किंवा दिसली तर हसतानाच दिसतात.

नव्वदीच्या अखेरीस हू जिए शिन्हुआ या सरकारी वृत्तसंस्थेच्या जिआंग्सू शाखेत व्हिडिओ चित्रणाचे काम करत होते. पगार नियमित होता, काम आवडीचे होते. १९९९ मध्ये एका मित्राकडून त्यांनी पेकिंग विद्यापीठातल्या एका विद्यार्थिनीची हकीकत ऐकली. त्या मित्राचे आईवडील तिच्याबरोबर शिकले होते. शांघायच्या तिलानच्याओ तुरुंगात शाई आणि कागद मिळेना तेव्हा तिने स्वतःच्या रक्ताने लिहायला सुरुवात केली, आणि शेवटी तिला गोळी घातली गेली. तिचे नाव लिन झाओ. हू जिए यांनी चौकशी सुरू केली आणि थोड्याच दिवसांत वरिष्ठांच्या दबावामुळे त्यांना शिन्हुआ सोडावी लागली. पुढची पाच वर्षे ते या एकाच विषयाच्या मागे होते.

लिन झाओ सुझोउच्या. खरे नाव पेंग लिंगझाओ. मेथडिस्ट मिशनच्या मुलींच्या शाळेत शिकल्या, तिथेच ख्रिस्ती झाल्या, आणि तिथेच साम्यवादाकडेही ओढल्या गेल्या. १९४९ नंतर घरच्यांशी भांडून त्या पक्षाच्या पत्रकारिता प्रशिक्षणात दाखल झाल्या. जमीन सुधारणेच्या पथकांबरोबर खेड्यांत गेल्या. १९५४ मध्ये त्यांनी पेकिंग विद्यापीठात प्रवेश मिळवला. १९५७ च्या वसंतात 'शंभर फुले उमलू द्या' म्हणून टीकेला आवाहन करण्यात आले आणि विद्यापीठाच्या भिंती हस्तलिखित भित्तिपत्रकांनी भरून गेल्या. झांग युआनशुन या सहाध्यायाने लावलेल्या कवितेवर सगळीकडून हल्ला झाला तेव्हा लिन झाओ त्याच्या बाजूने उभ्या राहिल्या. काही आठवड्यांत वारे फिरले आणि त्यांच्यावर 'उजवी' असा शिक्का बसला. इतरांनी चूक कबूल केली, त्यांनी केली नाही. आजारपणामुळे त्या शांघायला परतल्या. तिथे लानझोउ विद्यापीठातल्या काही 'उजव्या' विद्यार्थ्यांशी त्यांचा संबंध आला आणि त्यांनी गुप्तपणे काढलेल्या नियतकालिकात त्यांची कविता छापली गेली. ऑक्टोबर १९६० मध्ये त्यांना अटक झाली. महिन्याभरात त्यांच्या वडिलांनी आत्महत्या केली.

१९६२ मध्ये आजारपणामुळे काही काळ सुटका, मग पुन्हा अटक, १९६५ मध्ये वीस वर्षांची शिक्षा. तुरुंगात अणकुचीदार वस्तूने बोट टोचून त्या लिहीत राहिल्या: कागदावर, चादरीवर, सदऱ्यावर. शाई मिळाली की त्याच मजकुराची शाईने प्रत करत. सर्वांत मोठा दस्तऐवज म्हणजे 'पीपल्स डेली' या पक्षाच्या मुखपत्राच्या संपादकांना उद्देशून १९६५ मध्ये लिहिलेले, सुमारे १ लाख ४० हजार चिनी अक्षरांचे पत्र. २९ एप्रिल १९६८ रोजी शांघायमध्ये त्यांना गोळी घालण्यात आली. दोन दिवसांनी पोलीस त्यांच्या आईकडे गेले आणि गोळीची किंमत म्हणून पाच फेन, म्हणजे एका युआनचा विसावा हिस्सा, वसूल करून गेले. आईचे मानसिक संतुलन ढळले. १९७५ मध्ये तीही गेली. १९८० मध्ये शांघायच्या न्यायालयाने लिन झाओ यांना निर्दोष ठरवले. तुरुंगाने त्यांचे लेखन नष्ट न करता गुन्ह्याचा पुरावा म्हणून जपून ठेवले होते. त्यातला काही भाग पुढे कुटुंबाला परत मिळाला.

हे सगळे आज सलगपणे सांगता येते, त्याचे मोठे श्रेय हू जिए यांच्या फिल्मला आहे. त्यांनी शोध सुरू केला तेव्हा वाचण्यासारखे फारसे काही छापलेले नव्हते आणि प्रकरणाच्या फायली बंद होत्या. १९८७ च्या अभिलेख कायद्यात तीस वर्षांनी कागदपत्रे खुली करण्याची तरतूद होती, पण राज्याची सुरक्षा आणि हित यांच्या नावाखाली ती अडवण्याची मुभाही त्याच कायद्यात होती. उरली ती माणसे. लिन झाओ यांचे वर्गमित्र सत्तरीकडे झुकले होते. त्यांतले कित्येक श्रमछावण्यांत वीस-वीस वर्षे काढून परतलेले. बोलायला कुणी तयार नसे. हू जिए शहर-शहर फिरले, पुन्हापुन्हा त्याच दारांवर गेले. झांग युआनशुन यांनी कॅमेऱ्यासमोर सांगितले की १९६६ मध्ये त्यांनी लिन झाओचा वाग्दत्त वर असल्याचे खोटेच सांगून तुरुंगात भेट मिळवली होती, आणि त्या भेटीत लिन झाओ यांनी खायच्या गोड गोळीच्या चकचकीत कागदाची घडी घालून केलेले छोटे शिडाचे जहाज त्यांच्या हाती दिले. लिन झाओ यांच्याशी ज्यांचे लग्न ठरत होते आणि त्याच कारणाने ज्यांना शिनजिआंगला धाडले गेले, त्या गान त्सुई यांनी ते १ लाख ४० हजार अक्षरांचे पत्र मूळ कागदांच्या प्रतींवरून स्वहस्ते उतरवून काढले होते. ती वही कॅमेऱ्यासमोर उघडली जाते. शिक्का बसलेल्या पिढीचे हस्ताक्षर त्या पिढीतल्याच माणसाने जपल्याचा तो पुरावा आहे.

'लिन झाओच्या आत्म्याच्या शोधात' ही फिल्म २००४ मध्ये पूर्ण झाली. कसबाच्या दृष्टीने ती सफाईदार नाही. प्रकाश अपुरा आहे, आवाज कुठे कुठे फुटतो, संगीत भावनेवर जास्त भार टाकते आणि निवेदकाचा गहिवर लपत नाही. तरीही साक्षी आणि हस्ताक्षर यांच्या जोरावर ती उभी राहते. चित्रपटगृह नाही, दूरचित्रवाणी नाही. फिल्म डिस्कवर प्रत करून हातोहात फिरली. विद्यापीठांतल्या काही प्राध्यापकांनी वर्गात, कॅफेत, घरी तिचे खेळ केले. पुढे ती इंटरनेटवर चढली, काढली गेली, पुन्हा चढली. ज्या नावाचा उच्चार वर्षानुवर्षे मोजक्याच लोकांत होत होता, ते तरुण वाचकांच्या ओळखीचे झाले. २००४ मध्येच सुझोउजवळच्या लिंगयान टेकडीवर लिन झाओ यांची समाधी झाली. दर २९ एप्रिलला लोक तिथे फुले घेऊन जाऊ लागले, तेव्हा त्या वाटेवर पोलीस आणि कॅमेरे उभे राहिले.

याच सुमारास ग्वांगझोउच्या सुन यात-सेन विद्यापीठातल्या साहित्याच्या प्राध्यापक आय शियाओमिंग यांच्याशी हू जिए यांची गाठ पडली. स्त्रीवादी अभ्यासक असलेल्या आय यांनी त्यांच्या फिल्मचा खेळ आपल्या विद्यार्थ्यांसाठी ठेवला आणि पुढे दोघांनी मिळून अनेक माहितीपट केले. एका तरुण शिक्षिकेच्या संशयास्पद मृत्यूची कहाणी, ग्वांगडोंगमधल्या ताइशी गावात गावप्रमुखाला हटवण्यासाठी गावकऱ्यांनी २००५ मध्ये दिलेला लढा, हेनान प्रांतात रक्तविक्रीच्या धंद्यामुळे एड्स पसरलेल्या गावांची दुर्दशा हे त्यांचे विषय होते. रक्त विकत घेणाऱ्या केंद्रांनी प्लाझ्मा काढून उरलेले रक्त एकत्र मिसळून विक्रेत्यांच्या शरीरात परत सोडले, आणि त्यातून गावेच्या गावे आजारी पडली. या कामांत आय यांचा कायद्यावर आणि हक्कांवरचा भर स्पष्ट दिसतो. हू जिए यांचा स्वतःचा ओढा मात्र भूतकाळाकडेच राहिला.

२००६ ची 'मी मेले तरी' ही त्यांची सर्वांत नेमकी फिल्म. ती तासाभराहून थोडीच लांब आहे आणि जवळपास संपूर्ण कृष्णधवल आहे. विषय एकच दिवस: ५ ऑगस्ट १९६६. बीजिंग नॉर्मल विद्यापीठाला जोडलेल्या मुलींच्या माध्यमिक शाळेच्या उपमुख्याध्यापिका ब्यान झोंगयुन यांना त्या दुपारी त्यांच्याच विद्यार्थिनींनी शाळेच्या आवारात मारहाण केली. खिळे ठोकलेल्या लाकडी फळ्या वापरल्या गेल्या. शाळा पक्षाच्या वरिष्ठ नेत्यांच्या मुली शिकत असलेली, देशातल्या नामांकित शाळांपैकी एक. ब्यान पन्नास वर्षांच्या होत्या आणि १९४९ पासून त्याच शाळेत शिकवत होत्या. सांस्कृतिक क्रांतीत बीजिंगमध्ये मारल्या गेलेल्या त्या पहिल्या शिक्षिका. तेरा दिवसांनी, १८ ऑगस्टला, त्याच शाळेची विद्यार्थिनी सोंग बिनबिन हिने त्यानआनमेन चौकात माओंच्या दंडाला 'लाल रक्षक' या विद्यार्थी पथकांची पट्टी बांधली आणि तो फोटो देशभर छापला गेला. त्या महिन्यात आणि पुढच्या महिन्यात राजधानीत आणखी शेकडो माणसे मारली गेली.

ब्यान यांचे पती वांग जिंगयाओ हे इतिहासकार. पत्नी गेल्याच्या दुसऱ्या दिवशी त्यांनी दुकानात जाऊन एक कॅमेरा विकत घेतला. मृतदेहावरच्या जखमांचे, आईला आंघोळ घालून कपडे चढवणाऱ्या मुलींचे, घराच्या दारावर आणि आतल्या भिंतींवर चिकटवलेल्या शिवीगाळीच्या पत्रकांचे, आणि शेवटी स्मशानाच्या धुराड्यातून निघणाऱ्या धुराचे फोटो त्यांनी काढले. त्या दिवसाचे रक्ताळलेले कपडे, बंद पडलेले घड्याळ, केस हे सगळे त्यांनी पेटीत ठेवले. सांस्कृतिक क्रांतीच्या दहा वर्षांत हे सापडले असते तर त्यांचेही प्राण गेले असते. घरातच, पुस्तकांच्या कपाटामागे, त्यांनी पत्नीची गुप्त समाधी केली. तिच्यापुढे फुले ठेवायची आणि कुणी आले की दार लावून घ्यायचे.

हू जिए यांच्या कॅमेऱ्यासमोर वांग यांनी ही पेटी उघडली आणि एकेक वस्तू बाहेर काढली. ते फारसे रडत नाहीत. इतिहासकाराच्या शिस्तीने तारीख, वेळ, ठिकाण सांगतात. हा कपडा कोणता, हा डाग कशाचा, हा फोटो कुठे उभे राहून काढला. फिल्मची सगळी ताकद या शिस्तीत आहे. पहिल्या फिल्ममधला गहिवर इथे नाही. दिग्दर्शक बाजूला सरकला आहे. चाळीस वर्षांपूर्वी एका माणसाने पुढे कुणीतरी विचारील या विश्वासावर पुरावा जमा केला होता, आणि तो विचारणारा आता समोर बसला होता. फिल्म त्या दोघांमधल्या व्यवहारापलीकडे जात नाही, आणि तसे ठरवण्यातली समज हे हू जिए यांचे कौशल्य आहे. शाळेतल्या एका शिक्षकाची साक्षही फिल्ममध्ये आहे. मारहाण करणाऱ्यांपैकी मात्र कुणीही बोलायला आले नाही.

ही फिल्म २००७ मध्ये कुनमिंग इथल्या युन्नान माहितीपट महोत्सवाच्या स्पर्धेत निवडली गेली. महोत्सव दर दोन वर्षांनी भरे आणि स्वतंत्र माहितीपटकारांचे ते महत्त्वाचे व्यासपीठ होते. अधिकाऱ्यांनी ऐनवेळी संपूर्ण महोत्सवच थांबवला. काही खेळ पुढे डाली या दूरच्या गावी, छोट्या स्वरूपात झाले. फिल्मच्या प्रती मात्र थांबल्या नाहीत. २०१४ च्या जानेवारीत सोंग बिनबिन यांनी शाळेत जाऊन ब्यान यांच्या पुतळ्यासमोर वाकून माफी मागितली. शिक्षकांचे रक्षण करता आले नाही एवढेच त्या बोलल्या. मारहाण कुणी केली याबद्दल काही नाही. वांग जिंगयाओ यांनी ही माफी नाकारली. सत्य बाहेर येत नाही तोवर ती स्वीकारणार नाही, अशी त्यांची भूमिका होती. सार्वजनिक वादात वांग यांची बाजू इतकी ठामपणे उभी राहू शकली, ती फिल्मने तपशील आधीच लोकांसमोर ठेवल्यामुळे.

पुढची काही वर्षे हू जिए यांनी याच काळाचे वेगवेगळे कोपरे धुंडाळले. २००९ च्या 'सरकारी पूर्ववारा फार्म' मध्ये युन्नानच्या मिले जिल्ह्यातल्या एका सरकारी फार्मची वीस वर्षे आहेत. १९५८ मध्ये 'उजव्यां'ना तिथे पाठवले. नंतर दुष्काळ आला, मग सांस्कृतिक क्रांती आली, मग शहरांतून पाठवलेले तरुण आले. एकाच जमिनीवर एकामागून एक मोहिमा कशा लादल्या गेल्या हे या फिल्ममधून समजते, पण व्यक्तींची गर्दी इतकी होते की आधीच्या दोन फिल्मचा पीळ इथे सैल पडतो. 'माझी आई वांग पेइयिंग' ही रेल्वे मंत्रालयाच्या बालवाडीत काम करणाऱ्या, सात मुलांच्या विधवा आईची कहाणी. माओंनी पद सोडावे असे ती उघडपणे म्हणाली. आधी तिला मनोरुग्णालयात ठेवले, मग जानेवारी १९७० मध्ये हजारोंच्या सभेत मृत्युदंड सुनावून मारले. या फिल्मचा खर्च तिच्या मुलाने केला. तो मुलगा, झांग दाझोंग, पुढे घरगुती विद्युत उपकरणांच्या दुकानांच्या साखळीचा मालक झाला होता. 'लाल कला' ही आय शियाओमिंग यांच्याबरोबरची फिल्म सांस्कृतिक क्रांतीतल्या प्रचारचित्रांवर आहे, आणि तिथे हू जिए यांचे चित्रकाराचे डोळे कामी आले आहेत. शेतकरी गुटगुटीत, चेहरे लालबुंद आणि कणसे हातभर लांब अशी ती चित्रे कशी काढायला लावली जात, हे काढणारेच सांगतात.

लिन झाओ यांच्या शोधात ज्या नियतकालिकाचा उल्लेख ओझरता आला होता, त्याकडे हू जिए दहा वर्षांनी परतले. 'ठिणगी' ही २०१३-१४ ची फिल्म गान्सू प्रांतातल्या त्यानश्वेई परिसराची आहे. लानझोउ विद्यापीठातल्या 'उजव्या' विद्यार्थ्यांना १९५८ मध्ये तिथल्या खेड्यांत श्रमासाठी पाठवण्यात आले. गान्सू हा दुष्काळात सर्वांत होरपळलेल्या प्रांतांपैकी एक. या तरुणांनी वाटेवर पडलेली प्रेते पाहिली, झाडांच्या साली खाणारी गावे पाहिली, आणि वर्तमानपत्रांत त्याच आठवड्यात विक्रमी पिकांच्या बातम्याही वाचल्या. इतिहासाचा विद्यार्थी झांग चुनयुआन, भौतिकशास्त्राचा गू यान, आणि तान चानश्वे, शियांग चेंगज्यान असे काही जण एकत्र आले. झांग कोरियाच्या युद्धात लढून आला होता, इतरांपेक्षा थोडा वडीलधारा. जानेवारी १९६० मध्ये त्यांनी 'शिंगहुओ' म्हणजे 'ठिणगी' या नावाचा पहिला अंक काढला. स्टेन्सिल हाताने कोरून, सायक्लोस्टाइल करून, मोजक्या प्रती निघाल्या. लेखांत कम्यून का फसले, शेतकऱ्याला गुलामीची अवस्था कशी आली, एका माणसाच्या हाती सत्ता एकवटली की काय होते, याची थेट चर्चा होती. जिल्ह्याचे एक पक्ष अधिकारी दू यिंगहुआ यांना या तरुणांबद्दल सहानुभूती होती. दुसऱ्या अंकाचा मजकूर तयार झाला, पण छापला गेला नाही.

सप्टेंबर १९६० मध्ये ४३ जणांना अटक झाली. त्यांत या तरुणांना धान्याबद्दल, मरणाबद्दल खरी माहिती देणारे साधे शेतकरीही होते. शिक्षा लांबलचक होत्या: गू यान १७ वर्षे, शियांग चेंगज्यान १८ वर्षे, तान चानश्वे १४ वर्षे. झांग चुनयुआन आणि दू यिंगहुआ यांना मार्च १९७० मध्ये ठार करण्यात आले. झांग आणि तान यांचे लग्न ठरलेले होते. सुटकेनंतर तान चानश्वे यांनी दुनहुआंगच्या लेणी-संशोधन संस्थेत नोकरी केली आणि नव्वदीच्या दशकात आपल्याच खटल्याची फाइल पाहण्याची संधी मिळवली. फाइलमध्ये अंकाची प्रत होती, कबुलीजबाब होते, झांगची पत्रे होती. त्यांनी प्रती करून घेतल्या आणि त्यांवरून पुस्तक लिहिले. फिल्ममध्ये तान बोलतात तेव्हा हातात कागद असतो. गू यान, शियांग आणि इतर जण वयाच्या आठव्या दशकात कॅमेऱ्यासमोर बसून एकमेकांच्या आठवणी दुरुस्त करतात. कोण कुठे बसून काय लिहीत होते, शाई कुठून आणली, स्टेन्सिल कुणाचे, इतके बारीक तपशील दुष्काळाच्या आकडेवारीत कधीच येत नाहीत. त्या दिवसांत सत्य माहीत असलेले पुष्कळ होते. ते लिहून काढणारे किती थोडे होते, हे या फिल्ममुळे कळते.

दुष्काळाचे छायाचित्र मात्र जवळजवळ सापडत नाही. दुकानात जाऊन कॅमेरा विकत घेऊ शकणारे वांग जिंगयाओ बीजिंगमध्ये होते. गान्सूच्या गावात कुणाकडे कॅमेरा होता? हू जिए यांना माहितीपटाची ही मर्यादा फार बोचली असावी, कारण दुष्काळाकडे जाण्यासाठी त्यांनी कॅमेरा खाली ठेवून लाकूड हाती घेतले. 'प्रकाश होवो' या काष्ठठशांच्या मालिकेत साक्षीदारांनी सांगितलेले प्रसंग त्यांनी फळीवर कोरले आहेत. काळ्या शाईत उठलेली हाडांची माणसे, रिकामी भांडी, प्रेते ओढणारे हात. या माध्यमाची निवड सहज नाही. १९३० च्या दशकात लेखक लू शून यांनी शांघायमध्ये तरुण चित्रकारांना काष्ठठशांकडे वळवले होते. गरीब, स्वस्त, छापायला सोपी आणि अन्याय ठळकपणे मांडणारी कला म्हणून. साम्यवादी चळवळीने, तिचा तळ येनानमध्ये असतानाच्या काळात, तीच कला प्रचारासाठी वापरली. हू जिए यांनी तीच फळी पुन्हा पहिल्या हेतूकडे वळवली. इटालियन दिग्दर्शिका रिता आंद्रेएत्ती यांच्या 'द ऑब्झर्व्हर' या २०१७ च्या माहितीपटात हू जिए यांचे कॅमेऱ्याचे आणि ठशांचे असे दोन्ही काम पाहायला मिळते.

या काळात स्वतंत्र माहितीपटांच्या जगाची जागा आक्रसत गेली. ऑगस्ट २०१४ मध्ये बीजिंगच्या सोंगझुआंग या कलावंतांच्या वस्तीत भरणारा स्वतंत्र चित्रपट महोत्सव पोलिसांनी बंद पाडला आणि आयोजक संस्थेने वर्षानुवर्षे जमवलेला चित्रपटांचा संग्रह उचलून नेला. नोव्हेंबर २०१६ मध्ये चित्रपट उद्योगाचा कायदा संमत झाला आणि १ मार्च २०१७ पासून लागू झाला. परवान्याविना खेळ करणे किंवा परदेशी महोत्सवात पाठवणे हे त्याने स्पष्टपणे दंडनीय केले.  नानजिंगमध्ये २००३ पासून भरत असलेला स्वतंत्र चित्रपट महोत्सव २०२० मध्ये थांबला. हू जिए यांच्या फिल्मना परदेशांतल्या महोत्सवांत आणि विद्यापीठांत प्रेक्षक मिळाले, पण ज्यांच्यासाठी त्या केल्या गेल्या त्यांच्यापर्यंत पोहोचण्याची वाट घरगुती खेळ आणि प्रतींची देवाणघेवाण एवढीच राहिली.

दरम्यान पुराव्यांचेही स्थलांतर झाले. लिन झाओ यांची तुरुंगातली हस्तलिखिते त्यांच्या बहिणीने अमेरिकेतील स्टॅनफर्डच्या हूव्हर संस्थेकडे सोपवली. तान चानश्वे २०१८ मध्ये वारल्या. सोंग बिनबिन २०२४ मध्ये न्यूयॉर्कमध्ये वारल्या. मारहाणीत कोण कोण होते याचा निर्वाळा त्यांच्याकडूनही मिळाला नाही. डिसेंबर २०२३ मध्ये 'चायना अनऑफिशियल आर्काइव्ह्ज' हा डिजिटल संग्रह सुरू झाला. चीनमध्ये छापता न येणारी पुस्तके, नियतकालिके आणि फिल्म तिथे मोफत उतरवून घेता येतात. हू जिए यांच्या फिल्म तिथे आहेत, आणि 'शिंगहुओ'चा जानेवारी १९६० चा, स्टेन्सिलवर कोरलेला अंकही तिथे आहे.